निवडणुकीचा तंटा : आधी मुदत, मग मुद्दा



कारखान्याची पंचवार्षिक निवडणूक आली की पारावर, गट ऑफिसच्या ओट्यावर आणि काट्यापुढच्या ट्रॅक्टरांच्या रांगेत दुसरा विषय निघत नाही. निकाल लागतो, गुलाल उधळतो आणि हरलेल्या बाजूच्या बैठकीत कुणीतरी हमखास म्हणतो, "बघून घेऊ, कोर्टात जाऊ." यातले बरेचसे बोलणे चार दिवसांत विरून जाते. पण काही सभासदांची तक्रार खरी असते. कुणाचे नाव यादीतून गेलेले असते, कुणाचा अर्ज छाननीत चुकीने उडालेला असतो, कुठे मयताच्या नावावर मत पडलेले असते. असा सभासद पदरचे पैसे खर्चून कोर्टाची पायरी चढतो, आणि पुष्कळदा त्याचे म्हणणे खरे की खोटे हे ठरण्याआधीच त्याचे प्रकरण निकाली निघते. मुदत गेली, दार चुकले, ज्याला सामील करायचे त्याला केले नाही, असले काहीतरी कारण पुढे येते. मग तो म्हणतो, "न्याय राहिला बाजूला, कागदावर मारले."

कुठल्याही एका निवडणुकीविषयी अथवा पॅनेलविषयी हा लेख नाही. निवडणुकीला आव्हान देण्याची जी रीत कायद्याने घालून दिली आहे ती सभासदाला आधीच ठाऊक असली पाहिजे, आणि ती ठाऊक करून देणे हे कारखान्याचेही काम आहे, एवढेच आम्हांस सांगावयाचे आहे. शेअर एक असो की दहा, सभासदाला मत एकच. सहकाराची सारी इमारत या एका मतावर उभी आहे. ते मत राखायचे कसे, हे सभासदाला कळलेच पाहिजे.

हा हक्क कायद्याने दिलेला

पहिली गोष्ट मनाशी पक्की करावी. निवडणुकीला आव्हान देण्याचा हक्क आपल्याला जन्माने मिळालेला नाही. ज्योती बसू विरुद्ध देबी घोसाल या खटल्यात १९८२ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, मत देणे, निवडून येणे आणि निवडणुकीला आव्हान देणे हे तिन्ही हक्क कायद्याने निर्माण केलेले आहेत. कायद्याने जेवढे दिले तेवढेच, आणि ज्या रीतीने दिले त्याच रीतीने ते मागायचे. तो खटला लोकसभेच्या निवडणुकीचा होता, पण हे तत्त्व सहकारी संस्थांनाही लागू धरले जाते.

ऊसकऱ्याला हे समजावून सांगण्याची फारशी गरज नाही. फडातला ऊस कितीही गोड असो, त्याची नोंद झाली नसेल तर तोड मिळत नाही. लागणीची तारीख चुकीची पडली तर पाळी मागे जाते. तेव्हा ऊस खोटा आहे असे कुणी म्हणत नाही. नोंद नाही, एवढेच म्हणतात. कोर्टातही असेच चालते. तक्रार खरी असून भागत नाही, ती वेळेवर आणि योग्य ठिकाणी नोंदली जावी लागते.

यादी लागते तेव्हाच बघा

आमच्या अनुभवाप्रमाणे निम्म्याहून अधिक भांडणांचे मूळ मतदार यादीत असते. बाप वारला, वारसाच्या नावावर शेअर झाला नाही. शेअरची रक्कम अपुरी राहिली. गाव एका गटातून दुसऱ्या गटात गेले. नावात चूक झाली. प्राथमिक यादी प्रसिद्ध होते, हरकती मागवल्या जातात, त्यावर निर्णय होतो आणि मग अंतिम यादी लागते. हरकतीची मुदत असते तेव्हा यादीकडे कुणी ढुंकून पाहत नाही. मतदानाच्या दिवशी मात्र केंद्रावर गलका होतो.

मग काही मंडळी उच्च न्यायालयात धाव घेतात, "यादी चुकीची आहे, निवडणूकच थांबवा." याबाबत न्यायालयांचे धोरण फार जुने आहे. मद्रास राज्यातील नामक्कल मतदारसंघात एका उमेदवाराचा अर्ज फेटाळला गेला आणि तो निवडणूक चालू असतानाच न्यायालयात गेला. १९५२ साली पोन्नुस्वामी खटला म्हणून गाजलेल्या त्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, निवडणूक म्हणजे एकटे मतदान नव्हे. अधिसूचनेपासून निकालापर्यंतची सारी वाटचाल निवडणूकच होय. ती मध्येच अडवायची नाही. जे म्हणायचे ते निकालानंतर निवडणूक अर्जात म्हणायचे.

आपल्या सहकारालाही हेच तत्त्व लावले गेले. श्री संत सद्गुरू जनार्दन स्वामी सहकारी दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणात, २००१ साली, सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की मतदार यादी तयार करणे हा निवडणुकीच्या वाटचालीतलाच एक टप्पा आहे. म्हणून यादीत चूक झाली असा आरोप असला तरी चालू निवडणूक उच्च न्यायालयाने साधारणपणे थांबवू नये. सोमेश्वर सहकारी साखर कारखान्याच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने त्याआधीच ही दिशा धरली होती. अपवाद घडतात, नाही असे नाही. पण अपवादावर भिस्त ठेवून घरात बसणे म्हणजे पाटाला पाणी येणार की नाही हे न बघता लागण करणे होय.

म्हणून सभासदाने प्राथमिक यादीच्याच दिवसांत आपले नाव, गाव, गट आणि सभासद क्रमांक ताडून पाहावा. चूक दिसली तर तोंडी सांगून घरी येऊ नये. "साहेब म्हणाले, बघतो" याला कोर्टात किंमत नाही. लेखी हरकत द्यावी, तिच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्यावी आणि ती पोच पासबुकाइतकी जपून ठेवावी. पुढे वाद झालाच तर सभासदाने वेळेवर तोंड उघडले होते याचा तोच पुरावा. हरकतीच्या वेळी गप्प बसलेल्या माणसाला निकालानंतर यादीवर बोलणे अवघड जाते.

छाननी : तीन दिवसांचा हिशेब

दुसरा टप्पा छाननीचा. उमेदवारी अर्ज नामंजूर झाला तर महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम १५२-अ प्रमाणे तीन दिवसांच्या आत निबंधकाकडे अपील करता येते, आणि ते दहा दिवसांत निकाली काढावे असे कायदा म्हणतो. साखर कारखान्यांच्या बाबतीत हे अधिकार साखर खात्याचे प्रादेशिक सहसंचालक वापरतात. तीन दिवस म्हणजे किती? एक दिवस संतापात जातो, एक वकील शोधण्यात आणि तिसरा नामंजुरीच्या आदेशाची नक्कल मिळवण्यात. म्हणून जो उमेदवार छाननीला आपल्या ऊसपुरवठ्याचे दाखले, थकबाकी नसल्याचा दाखला आणि सूचक-अनुमोदकांचे सभासद क्रमांक घेऊन स्वतः हजर राहतो, तो निम्मी लढाई तिथेच जिंकतो. नामंजुरीचा आदेश कारणांसह लेखी मागून घ्यावा आणि नक्कल त्याच दिवशी मागावी.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. हे अपील अर्ज नामंजूर झाल्याबद्दल आहे, मंजूर झाल्याबद्दल नाही. प्रतिस्पर्ध्याचा अर्ज मंजूर व्हायला नको होता असे कुणाचे म्हणणे असेल तर त्याने छाननीच्या वेळी लेखी हरकत घ्यावी आणि पुढचे भांडण निकालानंतर मांडावे.

निकालानंतर : कोणते दार आणि किती दिवस

निवडणुकीच्या तंट्यासाठी कोणाचे दार ठोठवायचे याविषयी सभासदांत अजून गोंधळ आहे, आणि त्याला कारणही तसेच आहे. दार बदलले आहे. १९६९ च्या दुरुस्तीने साखर कारखाने, जिल्हा बँका अशा मोठ्या संस्थांच्या निवडणुकांसाठी कायद्यात स्वतंत्र प्रकरण आले. त्यातील कलम १४४-ट प्रमाणे निवडणूक अर्ज विभागीय आयुक्तांकडे करावा लागे. जुन्या जाणत्या मंडळींच्या डोक्यात अजून तेच बसले आहे. पुढे ९७ वी घटनादुरुस्ती आली, तिला अनुसरून २०१३ साली राज्याचा कायदा बदलला, राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरण आले आणि २०१४ साली निवडणुकीचे नवे नियम झाले. ते जुने प्रकरण गेले. आता कारखान्याच्या निवडणुकीचा तंटा कलम ९१ खाली सहकार न्यायालयात दाखल होतो.

२० जुलै २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ९७ व्या घटनादुरुस्तीतील सहकारी संस्थांविषयीचा भाग राज्यांतल्या संस्थांपुरता रद्द ठरवला, कारण निम्म्या राज्यांच्या विधिमंडळांची संमती घेतलेली नव्हती. त्यावरून "आता सगळे जुन्यावर आले" अशी वावडी उठली होती. तसे नाही. राज्याच्या कायद्यात विधिमंडळाने केलेले बदल त्याने आपोआप पुसले गेले नाहीत.

मुदत निकाल जाहीर झाल्यापासून दोन महिन्यांची. कलम ९२ मध्ये ती दिली आहे. सबळ कारण पटवून दिले तर उशीर माफ करण्याचा अधिकार न्यायालयास आहे. पण "ऊसतोड चालू होती" किंवा "वकिलांनी उद्या या म्हणून सांगितले" ही कारणे सबळ ठरतीलच असे धरून चालू नये. दोन महिने हा आकडा मोठा वाटतो. नकला मिळवणे, साक्षीदारांशी बोलणे, अर्ज लिहून घेणे, प्रतिज्ञापत्र करणे, फी भरणे यांत तो हां हां म्हणता सरतो. निकालानंतरच्या पहिल्या आठवड्यात नकलांचे अर्ज गेले पाहिजेत.

दिवाणी कोर्टात दावा लावणे हा आणखी एक नेहमीचा चकवा. तालुक्याचे कोर्ट जवळ, वकील ओळखीचा, म्हणून माणूस तिकडे वळतो. पण जे तंटे सहकार न्यायालयाकडे सोपवले आहेत त्यांत दिवाणी कोर्टाला कलम १६३ ने मज्जाव आहे. तिथे महिने घालवून मग योग्य दारी जायचे म्हणजे वरातीमागून घोडे. सहकार न्यायालयाचा निर्णय मान्य नसेल तर कलम ९७ प्रमाणे दोन महिन्यांत राज्य सहकारी अपील न्यायालयात जाता येते. ती पुढची पायरी. पहिलीच चुकली तर दुसरी येत नाही.

कोणाला सामील करायचे

अर्जात सामनेवाले कोण, हा वरवर कारकुनी वाटणारा प्रश्न आहे. पण चांगली चांगली प्रकरणे यावर गेली आहेत. राजस्थानातील पाली मतदारसंघाच्या १९६७ च्या लोकसभा निवडणुकीबाबत असाच प्रकार घडला. एका उमेदवाराने आपली उमेदवारी मागे घेतली होती. निवडणूक अर्जात त्याच्यावर भ्रष्ट मार्गाचा आरोप केला, पण त्याला सामनेवाला केले नाही. मोहन राज विरुद्ध सुरेंद्र कुमार टापरिया या नावाने ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि १९६९ साली अर्ज त्याच कारणाने फेटाळला गेला. माघार घेतलेला असला तरी तो उमेदवारच, आणि ज्याच्यावर आरोप करता त्याला बोलण्याची संधी नको का, असा त्यामागचा विचार आहे. तो गैरही नाही.

याच्या उलट, ज्यांचा संबंध नाही त्यांना नुसते अडकवण्यासाठी ओढायचे नाही. वर सांगितलेल्या ज्योती बसू खटल्यात वाद नेमका तोच होता. जे उमेदवारच नव्हते, त्यांना अर्जात सामील केले गेले होते. न्यायालयाने त्यांची नावे वगळली. आपल्याकडे रागाच्या भरात अध्यक्ष, कार्यकारी संचालक, शेतकी अधिकारी, चिटबॉय सगळ्यांची नावे अर्जात घालण्याची रीत पडली आहे. त्याने अर्ज जाड होतो, भक्कम होत नाही. ज्यांच्या निवडीला आव्हान आहे ते सर्व, आणि ज्यांच्यावर नेमका आरोप आहे ते, एवढे मात्र सुटता कामा नयेत.

मोघम लिहू नका

आता अर्जातल्या मजकुराबद्दल. "निवडणुकीत मोठ्या प्रमाणावर गैरप्रकार झाले, पैशांचा महापूर आला, मयतांच्या नावे मतदान झाले," असे लिहिले की लिहिणाऱ्याला समाधान वाटते. न्यायालयाला त्यातून काहीच हाती लागत नाही. याऐवजी असे लिहा : अमुक गावच्या अमुक केंद्रावर, यादीतील अमुक क्रमांकाच्या सभासदाच्या नावे मतदान झाले, तो सभासद अमुक तारखेस वारला, मृत्यूचा दाखला जोडला आहे, आमच्या प्रतिनिधीने त्या वेळी लेखी हरकत घेतली, तिची पोच सोबत आहे. दोन्हींत फरक किती, ते सभासदच पाहतील.

याचे नामांकित उदाहरण आपल्या मुंबईचे. १९६७ साली दक्षिण मुंबईतून जॉर्ज फर्नांडिस यांनी स. का. पाटील यांचा पराभव केला. एका मतदाराने त्या निवडीस आव्हान दिले. 'मराठा' दैनिकातील लिखाणाचाही विषय त्यात होता. मूळ अर्जात नसलेले आरोप मागाहून दुरुस्ती करून घालण्याचा प्रयत्न झाला. सर्वोच्च न्यायालयाने १९६९ साली सांगितले की मूळ घटना अर्जातच आल्या पाहिजेत. आहे त्या आरोपाचा तपशील वाढवता येईल, पण मुदत टळल्यावर नवा आरोप आत घेता येणार नाही. फर्नांडिस यांची निवड कायम राहिली. म्हणजे "आधी अर्ज टाकून ठेवू, बाकीचे मागाहून बघू" ही युक्ती चालत नाही.

फेरमोजणीचेही तसेच. थोड्या मतांनी हरलेल्याला वाटते की पेट्या पुन्हा उघडल्या की चित्र पालटेल. राम सेवक यादव खटल्यात १९६४ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की मतपत्रिका पुन्हा पाहणे हे मागितले की मिळते असे नाही. नेमकी कोणती मते चुकीने बाद झाली अथवा धरली गेली, हे आधी सांगावे लागते. मतपत्रिकेच्या गुप्ततेला किंमत आहे. म्हणून मोजणीच्या टेबलावर बसणारा प्रतिनिधी जागा असला पाहिजे. बाद मतांचे आकडे त्याने टिपून ठेवावेत आणि शंका असेल तर निकाल जाहीर होण्याआधीच फेरमोजणीची मागणी लेखी द्यावी. तिथे चहा पीत बसायचे आणि नंतर कोर्टात पेट्या उघडा म्हणायचे, हे जमत नाही.

आणि शेवटची कसोटी सर्वांत कठीण. चूक झाली एवढे दाखवून भागत नाही. त्या चुकीने निकाल फिरला, हेही दाखवावे लागते. उत्तर प्रदेशातील गाझीपूरकडच्या विधानसभेच्या जागेवरून निघालेल्या वशिष्ठ नारायण शर्मा खटल्यात विजयी उमेदवाराला १२,८६८ आणि दुसऱ्याला १०,९९६ मते होती. फरक १,८७२ मतांचा. ज्याचा अर्ज चुकीने मंजूर झाला असा वाद होता, त्या उमेदवाराला १,९८३ मते पडली होती, म्हणजे फरकापेक्षा १११ जास्त. ही सारी मते दुसऱ्यालाच गेली असती, असा हिशेब कुणीही करील. १९५४ साली सर्वोच्च न्यायालयाने तो हिशेब नाकारला. ती मते तशी गेली असती हे सिद्ध करा, नुसता अंदाज नको, असे म्हटले आणि निवड कायम ठेवली. आपल्या कारखान्यात एखादा संचालक समजा चारशे मतांनी निवडून आला आणि सिद्ध झालेली बोगस मते तीस असली, तर ती तीस मते लाजिरवाणी खरी, पण त्याने निवड रद्द होईल ही आशा धरू नये. ज्याने ती मते टाकली त्याच्यावर वेगळी कारवाई व्हावी, हा वेगळा विषय.

आमचे मत

आता कुणी म्हणेल, हा सारा वकिलांचा खेळ झाला. गरीब सभासदाने यात कुठे टिकायचे? ही तक्रार आम्ही हसण्यावारी नेत नाही. दोन एकर ऊस असलेल्या माणसाला तीन दिवसांत अपील आणि दोन महिन्यांत पुराव्यानिशी अर्ज हे सोपे नाही. तरीही हे नियम कडक असावेत, असेच आमचे मत आहे. निवडणूक मध्येच अडवली तर कारखाना कुणाच्या हाती राहतो? मुदत संपलेल्या मंडळाच्या, नाहीतर प्रशासकाच्या. गळीत हंगाम कोर्टाच्या तारखेसाठी थांबत नाही. तोडणी टोळ्यांचे करार, बँकेचे कर्ज, पहिल्या उचलीचा निर्णय, सगळे लोंबकळते आणि त्याचा फटका हरलेल्या-जिंकलेल्या पुढाऱ्यांना न बसता उभ्या उसाला बसतो. नुसत्या अडवणुकीसाठी अर्ज टाकणारेही आहेत, हे सभासदांना सांगायला नको. त्यांना चाप पाहिजे.

पण नियम सभासदाला कडक आणि कार्यालयाला सैल, असे चालणार नाही. सभासदाने तीन दिवसांत अपील करायचे असेल तर नक्कल त्याला त्याच दिवशी मिळाली पाहिजे. त्याने यादीवर वेळेत हरकत घ्यायची असेल तर यादी नुसती कारखान्याच्या मुख्य कार्यालयात टांगून भागणार नाही. ती प्रत्येक गट ऑफिसात आणि गावच्या सोसायटीत लागली पाहिजे, आणि हरकतीची शेवटची तारीख या पत्रिकेत ठळक छापली पाहिजे. सभासद वारला तर वारसनोंदीचा अर्ज घरी पाठवण्याचे काम गट ऑफिसने आपण होऊन करावे. निवडणुकीपुरती जागी होणारी वारसनोंद हीच पुढच्या निम्म्या खटल्यांचे बी असते. नोंदवह्या, सभासद रजिस्टर, ऊसपुरवठ्याचे तक्ते तंटा मिटेपर्यंत जसेच्या तसे राखले पाहिजेत.

आणखी दोन गोष्टी आम्ही स्पष्ट बोलणार आहोत. निवडणुकीचा तंटा हा उमेदवारांमधला आहे. कारखान्याला त्यात सामील केले असेल तर कारखान्याने कागद हजर करावेत आणि खरे ते सांगावे. पण निवडून आलेल्या संचालकांची खुर्ची राखण्यासाठी कारखान्याच्या तिजोरीतून वकिलांची फी जाऊ नये. तो पैसा आपल्या सर्वांच्या उसाचा आहे. अर्ज करणाऱ्याच्या उसाचाही आहे. त्याच्याच पैशांनी त्याच्याशीच लढायचे, हा कुठला न्याय? वार्षिक सभेने याबाबत ठराव करून ठेवावा, म्हणजे आज सत्तेत असलेल्यांना आणि उद्या येणाऱ्यांना तो सारखाच लागू राहील.

दुसरी गोष्ट तोडीची. निवडणुकीत विरोधात गेला, कोर्टात गेला, म्हणून एखाद्याची तोड मागे पडली, टोळी त्याच्या बांधावरून पुढे निघून गेली, अशी कुजबूज ज्या कारखान्यात ऐकू येते तिथे कायद्याची सगळी कलमे फुकट आहेत. फडात वाळणारा ऊस डोळ्यांनी दिसत असताना कुणी कशाला हक्क मागायला जाईल? कार्यक्रमाप्रमाणे लागणीच्या तारखेने तोड, हा नियम ज्याने अर्ज केला त्याच्या बाबतीत तर डोळ्यांत तेल घालून पाळला पाहिजे. संचालक मंडळाने तोडीचा कार्यक्रम गटवार लावून ठेवला की कुजबुजीला जागाच राहत नाही.

प्रवरानगरला १९५० साली शेतकऱ्यांचा पहिला सहकारी कारखाना सुरू झाला, तेव्हा लोकांनी दागिने मोडून शेअरचे पैसे भरले. ते साखरेसाठी जितके होते तितकेच आपल्या मालाचा धनी आपण व्हावे यासाठी होते. तो धनीपणा पाच वर्षांतून एकदा मताच्या रूपाने हातात येतो. सभासदांना आमचे सांगणे एवढेच : पुढची प्राथमिक यादी लागेल त्या आठवड्यात एक फेरी गट ऑफिसकडे मारा. आपले नाव बघा, शेजाऱ्याचे बघा, गावातल्या विधवा भगिनींच्या नावे वारसनोंद झाली आहे का ते बघा. चूक दिसली तर लेखी द्या आणि पोच घेतल्याशिवाय ओटा उतरू नका.